डब्यातल्या पावत्या

१९९७ साली आम्ही फिलिपाइन्समधल्या लॉस बान्योसला राहायला गेलो. नवऱ्याची नोकरी तिथल्या आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेत, माझी घरात. पहिल्याच आठवड्यात मीठ आणायला गल्लीतल्या दुकानात गेले, तर दारात खेळणारी चारेक वर्षांची मुलगी मला बघून जी किंचाळली, ती थेट आजीच्या गाऊनमध्ये तोंड खुपसून बसली. 'बुंबाय! बुंबाय!' एवढंच तिला म्हणता येत होतं.

बुंबाय म्हणजे बाँबे. भारतातून आलेला माणूस जालंधरचा असो की गुहागरचा, तिकडे तो बुंबायच. मोठ्या कांद्यालासुद्धा ते 'सिबुयास बुंबाय' म्हणतात, म्हणजे मुंबईचा कांदा. पण पोरांसाठी बुंबाय हा आपल्या बागुलबुवाचा सख्खा भाऊ. जेवली नाहीस तर बुंबाय पोत्यात घालून नेईल. खरा बुंबाय मोटरसायकलवरून यायचा. तो बहुधा पंजाबी असायचा, छत्र्या, मच्छरदाण्या, पंखे हप्त्याने द्यायचा आणि व्याजाने पैसे लावायचा. पाच घ्या, सहा परत करा, रोज थोडे थोडे. या धंद्याचं नावच 'फाइव्ह-सिक्स'. बँक ज्यांना दारात उभं करत नाही त्यांच्या दारात हा रोज उभा. त्या गल्लीत मुंबईच्या जवळपासची म्हणावी अशी मी एकटीच, आणि माझ्याकडे नेमके मिठाचे सुटे पैसे नव्हते.

आजी हसली. खिळ्याला सुतळीने टांगलेली शाळेची वही तिने काढली, नवीन पान उघडलं आणि त्यावर माझं नाव न विचारताच 'बुंबाय' लिहिलं. खाली मीठ, तीन पेसो. दुसऱ्या दिवशी पैसे दिले तेव्हा पट्टी लावून त्या ओळीवर लाल रेघ मारली. रेघ मारली की माणूस मोकळा. नंतर पाच वर्षं मी त्या वहीत 'बुंबाय'च राहिले.

तिला सगळी गल्ली 'लोला' म्हणायची. लोला म्हणजे आजी. ती मला 'हिजा' म्हणे, म्हणजे पोरी. घराच्या पुढच्या खिडकीला जाळी लावून केलेलं तिचं ते दुकान. तिथे एक सिगारेट मिळे, अर्धा गड्डा लसूण मिळे, प्लॅस्टिकच्या पिशवीत गाठ मारून पळीभर तेल मिळे. या सुट्या खरेदीला ते 'तिंगी' म्हणतात. आमच्या गावच्या वाण्याकडे 'आज रोख उद्या उधार' अशी पाटी असायची, लोलाकडेही जवळपास त्याच अर्थाची होती, आणि दोन्हीकडे ती कोणी वाचत नसे. पळीपळीने घेतलेलं तेल महिन्याच्या शेवटी बाटलीपेक्षा महाग पडतं हे लोलाला माहीत होतं, घेणाऱ्यांनाही माहीत होतं. बाटलीचे पैसे एका वेळी हातात येत नाहीत, म्हणून गरिबाला महागातलं जगावं लागतं.

संध्याकाळी वीज गेली की मी तिच्या बाकड्यावर जाऊन बसे. तिचा जन्म १९३१ चा. पण तिच्या बोलण्यात सालं नसत. 'भात मिळत नव्हता तेव्हा', 'तळ्यावर धूर होता तेव्हा', असे तिचे शक. सालं मी मागाहून जुळवली.

सर्वांत जुनी गोष्ट तिच्या आजीची. शेजारचं कलांबा, जीपनीने अर्ध्या तासावर. फिलिपाइन्सचा राष्ट्रवीर होसे रिझाल याचं हे जन्मगाव. त्याच्या घरासमोर शाळांच्या सहली लागलेल्या असतात. आजीच्या काळात तिथली बहुतेक जमीन डोमिनिकन पाद्र्यांच्या मालकीची, आणि रिझालचं सुखवस्तू घराणंसुद्धा त्यावर कुळच होतं. पीक बुडालं तरी खंड वाढत गेला, कुळांनी तक्रार केली, आणि १८९०-९१ च्या सुमाराला स्पॅनिश गव्हर्नर-जनरल वेलरने सैन्य पाठवून माणसं घराबाहेर काढली, घरं पाडली. पुस्तकांत ही हकिगत रिझालच्या चरित्राचं एक प्रकरण म्हणून येते. लोलाच्या आजीच्या गोष्टीत रिझाल नव्हताच, एक गाभण डुकरीण होती. शिपायांनी सामान हलवायला वेळ दिला तो डुकरिणीला दोरी बांधण्यातच गेला, आणि दोरी बांधून झाल्यावर ती शिपायांनीच नेली. खंड वर्षानुवर्षं घातलेला, पण दाखवायला कागद नाही. पाद्र्याकडे पावती मागायची कोण? त्या दिवसापासून त्या घरात एक नेम चालत आला होता: पैसे दिले की कागद घ्यायचा. वाचता येत नसलं तरी घ्यायचा.

तळ्यावरच्या धुराची गोष्ट लोलाची स्वतःची. ती सांगताना तिचे हात थांबत. एरवी ती लसूण सोलत बोलायची.

जपानी अमलात लॉस बान्योसच्या कृषी महाविद्यालयाच्या आवारात कैदी-छावणी होती. त्यात अमेरिकन, ब्रिटिश आणि इतर देशांचे नागरिक, बायकापोरांसकट. २३ फेब्रुवारी १९४५ च्या सकाळी आकाशातून छत्र्या उतरल्या, अमेरिकन सैनिक आणि फिलिपिनो गनिम एकाच वेळी छावणीवर तुटून पडले आणि २,१०० हून जास्त कैदी लागुना तळ्यापलीकडे सुखरूप गेले. लष्करी इतिहासात ही मोहीम आदर्श म्हणून सांगतात, आणि ती होतीही तशीच. चौदा वर्षांच्या लोलाने त्या छत्र्या पाहिल्या. तिला वाटलं, लढाई संपली.

कैदी गेले, त्यांच्याबरोबर सैनिकही गेले. गाव जिथल्या तिथे राहिलं. मग जपानी परत आले. पुढच्या काही दिवसांत लॉस बान्योस आणि आसपासच्या वस्त्यांतली सुमारे १,५०० माणसं मारली गेली. तिथली घरं खांबांवर उभी असत, आपल्या माचीसारखी. त्या खांबांना माणसं बांधून घरं पेटवून दिली. लोलाच्या आईने दोन मुलांना घेऊन आदल्या रात्रीच माकिलिंगचा डोंगर गाठला होता, म्हणून ही गोष्ट सांगायला लोला उरली. वरून तिला फक्त धूर दिसला. 'त्यांना न्यायला विमानं आली,' ती म्हणाली. 'आम्हाला कोण न्यायला येणार, हिजा? आम्ही तर इथलेच होतो.' हे ती तक्रारीच्या सुरात म्हणाली नाही. पत्ता सांगावा तसं म्हणाली.

डोंगरात लपलेल्या त्या रात्री पोरांनी रडू नये म्हणून आईने त्यांना मारिया माकिलिंगची गोष्ट सांगितली. मारिया ही त्या डोंगराची राखणदार. गरिबाघरी लग्न निघालं की ती भांडी, कपडे, दागिने उसने द्यायची. लोक कार्य उरकलं की परत ठेवायचे. मग कोणीतरी परत केलं नाही, आणि मारिया दिसेनाशी झाली. मी बाकड्यावरून उठायचीच बाकी होते. आमच्या गावच्या तळ्याची हीच गोष्ट! आदल्या दिवशी काठावर सुपारी ठेवायची, सकाळी पंगतीची भांडी वर यायची. एकाने तांब्या ठेवून घेतला आणि तळं आटलं नाही, पण भांडी यायची थांबली. मी लोलाला ती सांगितली. तिने विचार करून विचारलं, 'तांब्या कोणी ठेवला ते तुमच्याकडे माहीत आहे?' मी म्हटलं, नाही. 'आमच्याकडेही नाही,' ती म्हणाली. 'पण आमच्या आईला वाटायचं, तो गावचा मुखियाच असणार. गरीब माणूस उसनं बुडवून त्याच गावात राहणार कुठे?'

मॅगसेसे हे नाव मी काढलं तेव्हा तिला आश्चर्य वाटलं. मराठी घरात ते नाव कसं पोचलं याचं. मी तिला विनोबांचं सांगितलं, १९५८ मध्ये पहिल्याच वर्षी त्यांना मिळालेल्या पुरस्काराचं, जामखेडच्या आरोळे दांपत्याचं, बाबा आमट्यांचं. आमच्या लेखी मॅगसेसे म्हणजे वर्तमानपत्रातली बातमी आणि पाठोपाठ शाळेत होणारा सत्कार. तिच्या लेखी तो माणूस होता. राष्ट्राध्यक्ष झाल्यावर त्याने मालाकान्यांग राजवाड्याची दारं लोकांना उघडी केली, आणि दहा सेंताव्हो भरून कोणालाही त्याला तक्रारीची तार करता येई. लोलाच्या नवऱ्याने केली होती, जमिनीच्या वाटणीबद्दल. 'उत्तर आलं?' 'आलं ना. मिळाली, म्हणून.' ते उत्तर तिने पत्र्याच्या बिस्किटाच्या डब्यात ठेवलं. १७ मार्च १९५७ ला सेबूच्या डोंगरावर विमान कोसळून मॅगसेसे गेला. पुढे काय झालं हे विचारायला कोणी उरलं नाही.

तो डबा मी पाहिला तो खोबऱ्यामुळे.

मी गुहागरकडची, माझ्या माहेरी माड. लोलाच्या नवऱ्याचेही सान पाब्लोकडे माड होते, थोडेच, पण स्वतःचे. आम्ही दोघी या विषयावर तासन्‌तास बोलू शकत असू. आमच्याकडे वाटी उन्हात पडते, कावळ्यांवर नजर ठेवायला म्हातारं माणूस बसतं. तिकडे पाऊस इतका, की उन्हाचा भरवसा नाही. खड्ड्यावर बांबूची ताटी, खाली सोडणं आणि करवंट्या पेटवायच्या, वर खोबरं धुरावर सुकवायचं. त्या भट्टीला 'तापाहान' म्हणतात. मला तो शब्द ऐकून 'तापवणं' आठवलं आणि मी उगाच खूश झाले.

१९७२ च्या सप्टेंबरात राष्ट्राध्यक्ष फर्डिनांड मार्कोसने लष्करी कायदा पुकारला. पुढच्या वर्षी खोबऱ्यावर पट्टी बसली, शंभर किलोमागे पंधरा पेसो. कारण सांगितलं ते असं, की शहरातल्या लोकांना खाण्याचं तेल स्वस्त मिळावं. म्हणजे माडाखाली राहणाऱ्याने शहरातल्याचं तेल भरायचं. व्यापारी खोबरं तोलतानाच ती रक्कम कापून घेई. थोड्या काळापुरती म्हणून आलेली पट्टी वाढत वाढत १९८२ पर्यंत चालली. त्या पैशातून १९७५ मध्ये एक बँक घेतली गेली. ती बँक शेतकऱ्यांची, असं फर्मानात लिहिलं होतं, आणि अध्यक्ष होते मार्कोसचे निकटवर्ती एदुआर्दो कोहुआंग्को. तेलाच्या गिरण्या घेतल्या गेल्या. शेवटी सान मिगेल या बियरच्या प्रचंड कंपनीचे भाग घेतले गेले.

शेतकऱ्याला काय? पट्टीच्या पावत्या नोंदवल्या तर बँकेचे भाग नावावर होणार होते. कित्येकांना पावती मिळालीच नाही, कित्येकांनी ती विडीसारखी वळून टाकली. लोलाच्या नवऱ्याकडे आजीच्या नेमामुळे सगळ्या होत्या. तो त्या घेऊन एका कचेरीत गेला. तिथल्या कारकुनाने 'लागाय' मागितलं. या शब्दाचा मूळ अर्थ नुसता 'ठेवणं'. आपण चहापाणी म्हणतो तेवढीही आडवळणाची तसदी नाही, ठेवा म्हटलं की कळतं. नवऱ्याने ठेवलं नाही. नोंद झाली नाही. पावत्या घरी येऊन डब्यात पडल्या. तो स्वतः माडाची दारू, लांबानोग, प्यायचा, बियरला शिवायचा नाही. पण लग्नात कोणाच्या हातात सान मिगेलची बाटली दिसली की म्हणायचा, प्या, प्या, आमचीच आहे.

त्याच सुमाराची लोलाची दुसरी आठवण मक्याची. १९७२ च्या पावसाळ्यात लुझॉनभर पूर आले, पुढच्या वर्षी तांदळाच्या रांगा लागल्या आणि भातात मक्याच्या कण्या मिसळून खायची वेळ आली. आमच्याकडे तेव्हा दुष्काळ, आणि रेशनवर लाल मिलो. माझ्या आईला शेवटपर्यंत तो रंग सहन होत नसे. लोलाला मक्याचा वास सहन होत नसे. इकडे पाऊस नाही म्हणून, तिकडे पाऊस फार म्हणून, पण रांग तीच. आणि ज्या संस्थेत माझा नवरा नोकरी करी तिने १९६६ मध्येच आयआर-८ हे भरघोस भात काढलेलं होतं. दुकानापासून ती शेतं चालत जाण्याइतकी जवळ. मी हे नवऱ्याला एकदा जेवताना म्हटलं. त्याने खत, कर्ज, वाहतूक असं बरंच सांगितलं, सगळं खरंही होतं, पण त्या रात्री त्याने भात परत घेतला नाही.

१९८६ च्या फेब्रुवारीत मनीलात एड्सा रस्त्यावर लाखो माणसं रणगाड्यांपुढे उभी राहिली आणि चार दिवसांत मार्कोस कुटुंब पळालं. लोला तिथे नव्हती. 'डुकरांना कोण घालणार होतं?' तिने ते रेडिओवर ऐकलं. मग राजवाड्यात मार्कोसच्या बायकोच्या, इमेल्डाच्या, चपलांचे ढीग सापडले आणि जगभर त्यांचीच चर्चा झाली. 'चपला सगळ्यांनी मोजल्या,' लोला म्हणे. 'पावत्या मोजायला कोणी आलं नाही.'

तिची मुलगी शिक्षिका. पगारात भागेना म्हणून हाँगकाँगला मोलकरीण म्हणून गेली. दुकानात किंचाळलेली ती पोर तिची. १९८८ मध्ये तेव्हाच्या राष्ट्राध्यक्ष कोराझोन अक्विनोने हाँगकाँगमध्येच अशा बायकांना नवे वीर म्हटलं, आणि विमानतळापासून भाषणांपर्यंत तो शब्द रुजला. वीर वर्षाला एक खोका पाठवायची. टॉवेल, साबण, डब्यातलं मांस, चॉकलेट. पोर आधी खोक्यात शिरून बसायची आणि वास घ्यायची. तिला बुंबायची भीती वाटेनाशी झाली तेव्हा तिने मलाही तो वास घ्यायला लावला होता.

लोला भोळी होती असं मात्र कोणी समजू नये. १९९८ ला तिने सिनेनट जोसेफ एस्त्रादाला मत दिलं, कारण पडद्यावर का होईना, तो गरिबांच्या बाजूने मारामारी करायचा. जुगाराच्या हप्त्यांचं प्रकरण निघून जानेवारी २००१ मध्ये मध्यमवर्गाने त्याला एड्सावरच खाली खेचलं. मे महिन्यात त्याच्यासाठी झोपडपट्ट्यांतले लोक राजवाड्यावर चालून गेले, तेव्हा आमच्या ओळखीतल्या सुशिक्षित मंडळींनी त्यांच्या दातांची आणि वासाची टिंगल केली. लोला हे ऐकून गप्प राहिली आणि त्या दिवशी एका बाईला तिने उधार दिलं नाही. २००७ मध्ये एस्त्रादा लुटीच्या गुन्ह्यात दोषी ठरला आणि काही आठवड्यांतच त्याला माफी मिळाली. तोवर आम्ही पुण्याला परतलो होतो. मी फोनवर विचारलं तर म्हणाली, 'चोर होता ते मला माहीत होतं. पण तो आमच्याशी बोलायचा.'

पाहुणे तिकडच्या लोकांना सोशिक म्हणतात. वादळ येतं, छप्पर उडतं, पोरं गुडघाभर पाण्यात हसत कॅमेऱ्यात बघतात, आणि मग बातमीत त्यांच्या चिवटपणाचं कौतुक होतं. मला 'सोशिक' हा शब्द सुनेच्या बाबतीत वापरलेला ऐकून माहीत आहे. घरात सून सोशिक आहे असं ज्याने म्हणावं त्याला तिच्या वाट्याचं काम करायचं नसतं. २०२५ मध्ये तिथे पूरनियंत्रणाच्या कामांतला घोटाळा बाहेर आला. काही बंधारे नुसते कागदावरच होते, पैसे मात्र खरे गेले होते. २१ सप्टेंबरला, लष्करी कायद्याच्याच तारखेला, लोक मनीलाच्या रस्त्यांवर उतरले. लोलाची नात तिथे होती. तिने मला पाठवलेल्या फोटोत ती हसत नव्हती.

लोला २०१९ मध्ये गेली. त्याआधी २०१४ मध्ये ७१ नारळ-शेतकरी दावाओहून मनीलापर्यंत १,७५० किलोमीटर चालत गेले, पट्टीचा पैसा मागायला. तिने ते टीव्हीवर रोज पाहिलं, नात सांगते, आणि रोज त्यांच्या चपलांबद्दल बोलली. दोन वर्षं आधी सर्वोच्च न्यायालयाने सान मिगेलचे २४ टक्के भाग नारळ-शेतकऱ्यांच्या हितासाठी सरकारचे ठरवले होते. त्याच्याही आधी, २०११ मध्ये, वेगळे २० टक्के कोहुआंग्को यांचेच ठरले होते. शेतकऱ्यांसाठी निधीचा कायदा झाला तो २०२१ च्या फेब्रुवारीत. पट्टी सुरू झाल्यापासून जवळपास अर्धं शतक.

२०२३ च्या जानेवारीत मी एकटी तिकडे गेले. मुंबईच्या कांद्याने तिथे किलोला ६०० पेसो ओलांडले होते, आणि परदेशातून येणाऱ्या विमान कर्मचाऱ्यांच्या सामानातून कस्टम्स कांदे जप्त करत होतं. नातीने माझी बॅग मुद्दाम तपासली. 'बुंबाय येते आणि कांदा आणत नाही?' आता ती तीस वर्षांची होती. दिवसा एका कॉलसेंटरात जायची, संध्याकाळी दुकान उघडायची.

पावत्या घेऊन तीही एका कचेरीत जाऊन आली होती. तिथे तिला सांगितलं, की निधी ज्यांचे आज माड आहेत त्यांच्यासाठी, आधी नाव नोंदवा. सान पाब्लोची जमीन आजोबांच्या आजारपणात विकली गेलेली, आता तिथे कुंपणातली वसाहत. पावत्या बघायला टेबलापलीकडच्या बाईने चष्मासुद्धा लावला नाही. 'लागाय मागितलं?' मी विचारलं. 'नाही. तेवढ्या किमतीचं काही नव्हतंच माझ्याकडे.'

मग तिने खिळ्याची वही काढली. नवी होती, पण पद्धत तीच. वही भरली की लोला राहिलेल्या बाक्या नव्या वहीत उतरवून घ्यायची, आपल्याकडे 'मागील बाकी पुढे' लिहितात तशी. नातीने ते मोडलं नव्हतं. कोपऱ्यावरच्या मच्छीवालीचं पान, शिंप्याचं, ट्रायसिकलवाल्याचं. मधेच मला माझं पान सापडेल असं वाटलं, पण माझ्यावर शेवटची रेघ २००२ लाच पडलेली. शेवटचं पान नातीने उघडून माझ्यापुढे धरलं. वर नाव 'गोबियेर्नो', सरकार. खाली १९७३ पासून १९८२ पर्यंत, पावतीमागून पावती, किलो आणि पेसो, शेवटी बेरीज. व्याज लावलेलं नव्हतं. कुठेही लाल रेघ नव्हती.

जाळीबाहेर कोणीतरी नाणं वाजवलं. नातीने वही मिटली आणि पळीभर तेल पिशवीत ओतायला उठली.